मामाचं घर रक्तात येतं का

आमच्या घराण्यात कागद भरायचा झाला की तो फिरत फिरत माझ्यापुढे येतो. शाळेचा प्रवेश असो, गॅसचं कनेक्शन असो, कुणाच्या पेन्शनचा अर्ज असो. चाकणला गिअर बनवणाऱ्या एका कारखान्यात मी सव्वीस वर्षं क्वालिटीत काढली आहेत, आणि तिथे माणसाला दोन गोष्टी नक्की येतात : दुसऱ्याची चूक शोधणं आणि रकाने भरणं. एक जुने साहेब एकदा म्हणाले होते, "तुमचं अक्षर छापल्यासारखं आहे." तेवढ्या एका वाक्यावर मी पुढची वीस वर्षं फुगून राहिलो. अर्ज आला की मी चष्मा पुसतो, टीव्ही बंद करायला लावतो, टेबलावरची मिठाची बरणी बाजूला सरकवतो. बायको म्हणते, "चला, कलेक्टरसाहेब बसले."

माझ्याकडे दुसरं खातं लग्नं जुळवण्याचं. धाकटा भाऊ मराठवाड्यातून माझ्या मागोमाग इकडे आला, कंपनीत चिकटला, कुरुळीत दोन खोल्या घेऊन राहू लागला, तेव्हा त्याचं लग्न मीच लावलं. मुलगी आमच्या सख्ख्या मामाची. लहानपणी सुट्टीत आमच्या अंगणात खेळलेली. मला ती तेव्हापासून दादा म्हणायची, आणि मी तिचा मोठा दीर झालो तरी दादाच राहिलो. मामाची मुलगी करणं ही आमच्याकडे रीतच आहे. मांडवात मी सगळ्यांना सांगत फिरत होतो, "चौकशी नको, तपासणी नको, माल ओळखीच्या व्हेंडरकडचा आहे." लोक हसले होते. मीही हसलो होतो, जरा जास्तच.

त्यांची थोरली मुलगी साडेतीन वर्षांची होईपर्यंत अगदी चलाख होती. संध्याकाळी दारात उभी राहायची आणि रस्त्यावरून जाणाऱ्या कंपन्यांच्या बस रंगावरून ओळखून कुणाचे पप्पा आले ते गल्लीला ओरडून सांगायची. मग ती पडायला लागली. सपाट जमिनीवर, कशाला न अडखळता. राजगुरुनगरच्या डॉक्टरांनी अशक्तपणा म्हणून टॉनिक दिलं. नंतर झटके आले. मग बोलणं कमी होत गेलं : आधी लांब वाक्यं गेली, मग बसचे रंग गेले, शेवटी "आई" आणि "पाणी" एवढंच राहिलं. पिंपरीतल्या एका मोठ्या हॉस्पिटलात सगळ्या तपासण्या झाल्यावर डॉक्टर म्हणाले, आता जनुकांची तपासणी करू.

त्या दिवशी तिथे फॉर्म समजावून सांगणाऱ्या बाई रजेवर होत्या. काउंटरवरच्या माणसाने चार पानांचा फॉर्म पुढे सरकवला. "भरून ठेवा काका. अकराला सॅम्पलची गाडी जाते." बाकावर भावजय थोरलीला मांडीवर घेऊन बसली होती, भाऊ पहिल्या शिफ्टला गेला होता, आणि पेन माझ्या हातात होतं. मी फॉर्म असा भरला की काउंटरवरचा माणूस म्हणाला, "असं कुणी भरत नाही हो." मला बरं वाटलं. दुसऱ्या पानावर एक प्रश्न होता : आई-वडिलांचे लग्न रक्ताच्या नात्यात झाले आहे काय? शेजारी दोन चौकोन. मी "नाही"च्या चौकोनात स्वच्छ खूण केली.

मी खोटं लिहिलं नव्हतं, हे मला आजही सांगावंसं वाटतं, आणि सांगताना लाजही वाटते. आमच्याकडे रक्त म्हणजे भाऊबंद. ज्यांचं आडनाव एक, कुळ एक, ज्यांच्या घरी कुणी गेलं की आपल्याला पूर्ण सुतक, ते रक्ताचे. त्यांच्यात लग्न म्हणजे बहीण-भावाचं लग्न. त्या नुसत्या कल्पनेनेही आमची माणसं कानाला हात लावतात. मामाचं घर वेगळं. आडनाव वेगळं, देवक वेगळं. तिथून मुलगी आणायची, तिथे मुलगी द्यायची. ते सोयरे. सोयऱ्यांना रक्ताचे कोण म्हणतं?

दोन महिन्यांनी पाच पानी अहवाल आला. डॉक्टरांनी तो चाळला आणि म्हणाले, एका जनुकात बदल दिसतोय, पण त्याचा अर्थ नक्की लागत नाही. हा कदाचित नव्यानेच झालेला बदल असेल, आई-वडिलांत नसलेला. दोघांचं रक्त तपासलं तर खात्री होईल. भावाच्या कंपनीत तेव्हा नवी लाइन सुरू होत होती, सुट्टी मिळेना. दोनदा तारीख घेतली, दोनदा चुकली. तिसऱ्यांदा कुणी घेतलीच नाही, कारण तोवर मी "कदाचित" गाळून बाकीचं वाक्य पाठ केलं होतं : नव्यानेच झालेला बदल, आई-वडिलांत नसलेला.

एका रविवारी भावजय दिघीला आमच्याकडे आली. स्वयंपाकघरात माझ्या बायकोशी बराच वेळ बोलली आणि मग बाहेर येऊन उभी राहिली.

"दादा, एक विचारायचं होतं."

"विचार की."

"दुसरं होऊ द्यावं का? त्याला बी असंच व्हायचं असलं तर नको मला."

मी खुर्चीत सरळ बसलो. कुणी तज्ज्ञ म्हणून विचारलं की मी सरळ बसतो. तिला समजावलं : हे बघ, हजार पीस निघतात, त्यातल्या एखाद्याला चीर असते. म्हणून कुणी साचा फेकत नाही. साच्यातच दोष असता तर वेगळी गोष्ट. तुमचा साचा नीट आहे, अहवालातच तसं आहे.

"म्हणजे होणार न्हाई?"

"नाही."

तिने मान हलवली. पुढच्या वर्षी धाकटी झाली. गुटगुटीत, रडकी, जन्मल्यापासून मुठी आवळलेली. मी पेढे वाटले.

थोरली तोवर बसायचीही थांबली होती. नजर कमी झाली, गिळता येईना म्हणून नळी आली. कुरुळीच्या त्या दोन खोल्यांत एकीला नळीतून भरवायचं आणि दुसरीला कडेवर घेऊन भिंतीवरची पाल दाखवत भरवायचं, असा भावजयीचा दिवस सुरू झाला. मी दर रविवारी जायचो, केळी न्यायचो आणि धाकटीला चालवून बघायचो. कौतुक म्हणून बघतोय असं दाखवायचो.

माझी मुलगी याच काळात नोकरीला लागली. तिने आधी जीवशास्त्र केलं, मग संगणक केला, आणि आता एका कंपनीत ती माणसांच्या जनुकांचा डेटा तपासते. हे आमच्या सोसायटीत मी चार जणांना चार प्रकारे सांगितलं आहे. "कॉम्प्युटरवर रक्त तपासते," हे त्यातलं सगळ्यांत बरं. शेजारच्यांनी तिला त्यांचा साखरेचा रिपोर्ट दाखवला तेव्हा ती माझ्याकडे बघत राहिली.

थोरली आठ वर्षांची आणि धाकटी अडीच वर्षांची झाली, तेव्हा मुलगी एकदा म्हणाली, "बाबा, तिची मूळ फाइल मागवू या का लॅबकडून? अहवाल नको, कच्चा डेटा. तेव्हा न लागलेलं आता लागतं कधी कधी." काका-काकूची सही घेऊन तिने लॅबला तीन पत्रं लिहिली, तेव्हा फाइल आली. तिने सरांची परवानगी काढून ती ऑफिसच्या मोठ्या संगणकावर चालवली आणि शनिवारी दुपारी लॅपटॉप घेऊन माझ्या शेजारी बसली.

आधी तिने मला सगळं समजावलं, म्हणजे मी समजावून घेतलं. यंत्र माणसाची जनुकं सलग वाचत नाही. एखाद्या पुस्तकाच्या अनेक प्रती बारीक फाडून एकत्र केल्यासारखे ते असंख्य तुकडे वाचतं. एक प्रोग्राम ते तुकडे तयार नमुन्यावर जागच्या जागी बसवतो. दुसरा प्रोग्राम नमुन्यात आणि या माणसात फरक कुठे आहे ते टिपून ठेवतो. मी म्हणालो, "मास्टर पीस ठेवायचा आणि बाकीचे त्याच्याशी ताडून बघायचे. हेच आम्ही करतो." ती म्हणाली, "हो बाबा, पण इथे प्रत्येक माणसात हजारो फरक निघतात आणि बहुतेक निरुपद्रवी असतात. म्हणून तिसरा प्रोग्राम चाळणी लावतो, क्रम लावतो. आजाराची लक्षणं काय, घरातली माहिती काय, त्यावरून कुठला फरक वर घ्यायचा ते ठरतं. वरचे थोडेच माणूस नीट तपासतो."

मग तिने एक आलेख उघडला. ठिपक्यांच्या तीन आडव्या पट्ट्या. "प्रत्येक जनुकाच्या आपल्याकडे दोन प्रती असतात, एक आईची, एक वडिलांची. जिथे दोन्ही वेगळ्या असतात तिथला ठिपका मधल्या पट्टीत पडतो. हा माझा आलेख, मी कामावर शिकताना काढलेला. आणि हा आपल्या थोरलीचा."

थोरलीच्या आलेखात मधली पट्टी जागोजागी गायब होती. लांबच लांब मोकळी जागा, मग थोडे ठिपके, मग पुन्हा मोकळी जागा.

"इथे आईची आणि वडिलांची प्रत एकसारखी आहे," मुलगी म्हणाली. "कारण दोघांना ती एकाच माणसाकडून आली. तुमचे आईकडचे आजोबा म्हणा किंवा आजी, जे काकूचेही आजोबा-आजी. अशा जागी दोष असेल तर तो दोन्ही प्रतींत असतो, झाकायला चांगली प्रत उरत नाही."

तिने माझ्या फाइलमधला अहवाल काढला आणि पहिल्या पानावर बोट ठेवलं. तिथे छापलं होतं : पालकांचे रक्तनाते – नाही.

"बाबा, फॉर्म कोणी भरला होता?"

"मी," मी म्हणालो. आणि खरं सांगतो, तोंडातून शब्द बाहेर पडेपर्यंत माझा आवाज अभिमानाचा होता.

तिने अहवाल मिटला. मीच बोलत सुटलो. मामा रक्तातले कुठे, आडनाव वेगळं, देवक वेगळं, आपल्याकडे कुणालाही विचार.

"कॉम्प्युटरला आडनाव दिसत नाही, बाबा."

तिने त्या रकान्यात "होय" भरून यादी पुन्हा लावली होती. फाइल तीच. आधी जो फरक यादीत इतका खाली होता की अहवालात आलाच नाही, तो आता तिसरा आला होता, आणि थोरलीची सगळी लक्षणं त्याच्या शेजारी लिहून ठेवल्यासारखी जुळत होती. अहवालात आला होता तो बदल निरुपद्रवी. मुलगी म्हणाली, "हे लॅबलाही दिसायला हवं होतं. असे आलेख तेही काढू शकतात. सगळं फॉर्मवर सोडायचं नसतं." हे तिने माझ्यासाठी म्हटलं. पण मशिनवरचा माणूस चूक झाल्यावर "क्वालिटीने पकडायला हवं होतं" म्हणतो, तेव्हा मी सव्वीस वर्षं त्याला काय उत्तर देत आलो ते मला ठाऊक होतं.

डॉक्टरांनी यादी बघितली, भावाचं आणि भावजयीचं रक्त घेतलं. दोघांकडे एक एक दोषी प्रत निघाली. दोघांना त्रास नाही, पण प्रत्येक मुलाला चारात एक धोका. आजाराला औषध नाही, तेही त्यांनी त्याच बैठकीत सांगितलं. आता धाकटीची ती एकच जागा तपासायची होती. छोटी तपासणी. तिचंही रक्त गेलं.

निकाल यायच्या आधी मी भावाला कंपनीच्या गेटसमोरच्या टपरीवर गाठलं. शिफ्ट सुटत होती. मी त्याला फॉर्मचं सांगितलं. त्याने कप खाली ठेवला, बसमध्ये चढणाऱ्या माणसांकडे बघितलं.

"म्या असतो तर म्या बी नाहीच लिवलं असतं," तो म्हणाला. "मामा काय रक्तातला हाय?"

"आहे."

"हां. आता कळायलंय." मग म्हणाला, "दादा, तिला नको सांगू. ती तुझ्या शब्दावर राहिली होती धाकटीच्या वक्ताला."

निकाल माझ्या मुलीच्या हाती आला, कारण संपर्क म्हणून आता तिचं नाव होतं. धाकटीच्या दोन्ही प्रती थोरलीसारख्याच होत्या.

आम्ही दोघं कुरुळीला गेलो. भाऊ घरीच होता. थोरली खाटेवर कुशीवर होती, पाठीमागे उशी लावलेली. धाकटी खोलीभर प्लास्टिकची बरणी ढकलत फिरत होती. सांगायचं काम डॉक्टरांचं होतं आणि उद्याची वेळ घेतली होती, पण आम्ही दारात आलो तेव्हाच भावजय उठून उभी राहिली, आणि तिच्यापुढे चहा पिऊन उद्यापर्यंत गप्प बसणं आमच्यातल्या कुणालाच जमलं नसतं. मुलीने सांगितलं. चार वाक्यांत, हळू.

भावजय खाली बसली. भाऊ खिडकीकडे गेला. बरणीचा आवाज चालू होता.

"तू ते कॉम्प्युटरवर बघतीस म्हणं," ती माझ्या मुलीला म्हणाली. "मला बी दाखव."

"काकू, त्यात बघण्यासारखं काही नसतं. नुसत्या रेघा असतात."

"रेघा तर रेघा."

मुलीने लॅपटॉप उघडला. करड्या आडव्या रेघांचा ढीग, एकेक रेघ म्हणजे वाचलेला एकेक तुकडा, आणि बरोबर मधून वरपासून खालपर्यंत दोषाची एक लाल उभी ओळ. ही थोरली. मग तिने धाकटीच्या निकालासोबत आलेली फाइल उघडली. तशाच करड्या रेघा, त्याच जागी तशीच लाल ओळ. भावजयीने पडद्यावर बोट टेकवलं.

"ह्यातली माझ्याकडनं आलेली कुठली आणि ह्यांच्याकडची कुठली?"

"ते सांगता येत नाही, काकू. दोन्ही अगदी सारख्या आहेत. मूळ एकच ना."

"कुणालाच सांगता येत न्हाई?"

"नाही."

"बरं हाय मग," ती म्हणाली. खिडकीतल्या भावाकडे तिने बघितलं नाही.

तेव्हा मी बोललो. भावाने नको म्हटलं होतं, पण मला ते पोटात ठेवून रविवारची केळी आणता आली नसती. म्हटलं, त्या फॉर्मात मी "नाही" लिहिलं होतं. ते "होय" असतं तर पहिल्याच वेळी सापडलं असतं. तू विचारलंस तेव्हा मी तुला वेगळं सांगितलं असतं.

तिने माझ्याकडे बघितलं. रागाने नाही. लहानपणी आमच्या अंगणात खेळताना मी काही मोठेपणाने सांगू लागलो की बघायची, तसंच.

"तुम्ही मला विचारलं होतं, दादा."

"काय?"

"त्या बाकड्यावर. पेन धरून तुम्ही म्हणलात, मामाचं घर रक्तात येतं का गं. म्या म्हणले, न्हाई, कसं येईल? मग तुम्ही लिवलंत."

मला हे आठवत नव्हतं. आजही आठवत नाही. बाक आठवतो, अकराची गाडी आठवते, काउंटरवरच्या माणसाचं कौतुक तर शब्दशः आठवतं. तिला काही विचारलं होतं, हे आठवत नाही. मी माझ्या आठवणीत एकटाच बसून फॉर्म भरतोय, आणि गेले कित्येक दिवस ती चूकही मी एकट्याच्याच नावावर, जवळजवळ रुबाबात, मिरवत होतो. ती खरं सांगत होती, की माझ्यावरचं थोडं स्वतःवर घेत होती, हे विचारायचं धाडस मला झालं नाही. तिच्या चेहऱ्यावरून कळण्यासारखं नव्हतं. पण खरं असेल, तर डॉक्टरांच्या त्या बैठकीपासून तिलाही ते ठाऊक होतं, आणि तिने ते कुणालाच सांगितलं नव्हतं.

"चहा टाकते," ती म्हणाली आणि उठली.

तेवढ्यात धाकटी पडली. बरणी पुढे निसटली आणि ती मागोमाग तोंडावर आपटली, त्या वयाची पोरं दिवसातून दहा वेळा पडतात तशी. भाऊ खिडकीपासून वळला, माझी मुलगी अर्धी उठली, मी खुर्चीचा हात धरला, भावजय हातातलं पातेलं घेऊन तशीच थांबली. धाकटीला लागलं नव्हतं. तिने डोकं वर केलं, बरणी कुठे गेली ते बघितलं, मग आमच्याकडे बघितलं. एकेकाच्या तोंडाकडे. आणि तेव्हा कुठे तिला रडू फुटलं.